दोंब्र्याच्या छातीवरील छिद्र

गेल्या उन्हाळ्याच्या सुट्टीत माझा एक जुना विद्यार्थी भेटायला आला. कझाकस्तानात, अल्माटी शहरी, वैद्यकीय शिक्षण पुरे करून तो परतला आहे. आमच्या सीमाभागातील बरीच मुले हल्ली तिकडे शिकायला जातात. येताना त्याने एक वाद्य आणले होते. पेअर फळ मधोमध उभे कापावे तशी पोकळ काठी, तिला निघालेली लांबलचक मान, मानेवर दोऱ्याने बांधलेले पडदे आणि अवघ्या दोन तारा. नाव दोंब्रा. आपल्या तंबोऱ्याशेजारी ठेवले तर त्याचे लेकरू वाटावे.

मी ते हातात घेऊन उलटसुलट पाहू लागलो. पुढच्या लाकडी पाटीवर, बरोबर छातीशी, एक लहान गोल छिद्र होते. त्यावर बोट ठेवून तो म्हणाला, "सर, हे सुताराने पाडलेले नाही असे तिकडचे लोक सांगतात. हे उकळत्या शिशाने पडले आहे."

नाद बाहेर पडावा म्हणून तंतुवाद्याला छिद्र ठेवतात, हे शास्त्राचे उत्तर झाले. पण त्या मुलाने पुढे जी गोष्ट सांगितली आणि त्याच गोष्टीवर निघालेल्या एका जुन्या कझाक चित्रपटाचा जो उल्लेख केला, त्याने मला पुढचे काही महिने इतिहासाची पुस्तके उघडायला लावली. त्या वाचनाचा हा वृत्तान्त आहे.

* * *

गोष्ट अशी. चंगीझखानाचा थोरला मुलगा जोची. (कझाक लोक त्याला 'जोशी' असेही म्हणतात, आपल्याकडच्या जोशांनी त्यामुळे हुरळून जाऊ नये!) या राजपुत्राला शिकारीचा भारी नाद, त्यातही कुलानच्या शिकारीचा. कुलान म्हणजे गवताळ माळावरचे रानगाढव. आपल्याकडे कच्छच्या लहान रणात जो घुडखर आढळतो, त्याच जातीतला हा प्राणी. धावण्यात घोड्यालाही सहजी हार न जाणारा.

एके दिवशी जोचीने कुलानच्या कळपात घोडा घातला. त्याच्या बाणाने कळपाचा म्होरक्या नर पायाने अधू झाला. पण पळून जाण्याऐवजी तो लंगडत उलटा फिरला आणि शिकाऱ्यावरच चालून गेला. राजपुत्र घोड्यावरून पडला, आणि त्या माळरानातच त्याचा अंत झाला.

इकडे मुलगा परतेना तेव्हा बापाच्या मनात पाल चुकचुकली. त्याने दवंडी पिटविली, की जो कोणी माझ्या मुलाच्या मरणाची बातमी तोंडातून काढील, त्याच्या घशात उकळते शिसे ओतीन. दूतांना प्रेत सापडले, सरदारांना कळले, सेवकांना कळले. छावणीत ठाऊक नाही असा एकटा खान तेवढा उरला.

शेवटी सरदार केतबुगा नावाच्या वृद्ध वादकाकडे गेले. तो दोंब्रा घेऊन खानापुढे आला. मुजरा केला, बसला, आणि एक शब्दही न बोलता वाजवू लागला. आधी टापा ऐकू आल्या, मग कळपाची धूळ उडाली, बाण सुटला, लंगड्या जनावराची ती तुटक, अडखळती दौड आली. आणि मग आईविना राहिलेल्या शिंगरासारखा एक सूर माळावर एकटाच फिरू लागला. खान ऐकत राहिला. त्याचा चेहरा उतरला. म्हणाला, "माझा मुलगा गेला, असे तू सांगतोस?" वादक म्हणाला, "महाराज, मी तर ओठही हलविले नाहीत. दोंब्र्याने सांगितले, आणि उच्चारले ते आपण."

खानाचा शब्द खाली पडणार कसा? बातमी ज्याने सांगितली त्याच्या घशात शिसे ओतायचे होते. म्हणून ते दोंब्र्यावर ओतले गेले. लाकूड जळाले, भोक पडले, आणि तेव्हापासून प्रत्येक दोंब्रा ती जखम छातीवर घेऊनच जन्माला येतो.

काही पाठांत जोची हा मेलेला मुलगा नसून शोक करणारा बापच असतो. लोककथेला अशा अदलाबदलीचे वावडे नसते. शिसे, वादक आणि छिद्र मात्र सर्वत्र कायम आहेत.

* * *

दोंब्र्यावर वाजविल्या जाणाऱ्या शब्दविरहित रचनेला कझाक भाषेत 'कुय' म्हणतात. बहुतेक कुयला स्वतःची एक कथा असते. जुना वादक आधी ती कथा सांगतो आणि मग वाजवितो. किंवा वाजवून झाल्यावर, श्रोत्यांनी आग्रह केला तर सांगतो. म्हणजे कथा आणि सूर ही जुळी भावंडे. २०१४ साली युनेस्कोने या परंपरेची मानवजातीच्या अमूर्त वारशात नोंद केली, आणि २०१८ पासून जुलैचा पहिला रविवार तेथे 'दोंब्रा दिन' म्हणून साजरा होतो.

आपल्या कथेतल्या कुयचे नाव 'अक्साक कुलान', म्हणजे लंगडा कुलान. 'अक्साक' हा शब्द मराठी वाचकाला अगदीच परका नाही. आपण ज्याला तैमूरलंग म्हणतो, त्याला तुर्की भाषांत 'अक्साक तेमिर' म्हणतात. इराणी 'लंग' आणि तुर्की 'अक्साक' यांचा अर्थ एकच.

कथेच्या मागे इतिहास किती, हा आता खरा प्रश्न.

जोची ही पूर्णपणे ऐतिहासिक व्यक्ती आहे. त्याची कहाणी जन्माआधीच दुःखाने सुरू होते. चंगीझखानाची पट्टराणी बोर्ते हिला मेरकित टोळीने पळवून नेले होते. ती सोडवून आणल्यावर थोड्याच काळात जोचीचा जन्म झाला. चंगीझखानाने त्याला आपला मुलगा मानले, पण भावांच्या मनातली अढी गेली नाही. 'मंगोलांचा गुप्त इतिहास' या तेराव्या शतकातील ग्रंथात, वारसाचा प्रश्न निघाला तेव्हा धाकटा भाऊ चगताई याने भर सभेत जोचीच्या जन्मावरून त्याला हिणविल्याचा प्रसंग आहे. पुढे १२२१ च्या सुमारास ख्वारिज्मची राजधानी गुरगंज जिंकताना हे दोघे भाऊ असे भांडले, की बापाला वेढ्याचे नेतृत्व तिसऱ्या मुलाकडे, ओगदेईकडे, द्यावे लागले. त्यानंतर जोची आपल्या वाट्याच्या किपचाक माळरानात गेला तो बापाकडे परतलाच नाही. १२२७ च्या सुमारास, चंगीझखानाच्या काही महिने आधी, तो मरण पावला.

कसा मेला? येथे लेखणीवाल्यांच्या दोन साक्षी आहेत, आणि त्यांचा मेळ बसत नाही.

पहिली साक्ष रशीदुद्दीनची. इराणातील मंगोल बादशहांचा हा वजीर चौदाव्या शतकाच्या आरंभी लिहितो, की चंगीझखानाने जोचीला बोलावले, तेव्हा त्याने आजारपणाचा निरोप धाडला. पण त्याच सुमारास तिकडून आलेल्या एका मंगोलाने सांगितले, की मी तर त्याला शिकार करताना पाहिले. चंगीझखान संतापला. मुलावर फौज पाठविण्याची तयारी झाली, आणि तेवढ्यात मृत्यूची बातमी येऊन थडकली. जोची खरोखरच आजारी होता. शिकारीला गेले होते ते त्याचे सरदार. मग खोटी बातमी देणाऱ्याचा शोध सुरू झाला, पण तो सापडला नाही.

दुसरी साक्ष तर आपल्या दिल्लीतच लिहिली गेली आहे. मिन्हाज-इ-सिराज जुझजानी हा मंगोलांच्या स्वारीतून निसटून हिंदुस्थानात आलेला पंडित, पुढे दिल्लीचा काझी झाला. सुलतान नासिरुद्दीन महमूदच्या नावे त्याने 'तबकात-इ-नासिरी' हा इतिहास १२६० च्या सुमारास पुरा केला. त्यात तो म्हणतो, की जोचीला किपचाकची भूमी आवडली होती, बापाची कत्तल त्याला पसंत नव्हती. हे चगताईने बापाच्या कानी घातले, आणि बापाने मुलावर विषप्रयोग करविला. जुझजानी मंगोलांचा कट्टर वैरी, तेव्हा त्याचा शब्द तोलूनच घ्यावा लागतो. रशीदुद्दीन मंगोलांचा नोकर, तेव्हा त्याचाही.

या दोन्ही साक्षी कथेशेजारी ठेवून पाहा. रशीदुद्दीनमध्ये शिकार आहे, चुकीची बातमी आहे, बातमी देणाऱ्याला शासन करण्याची तयारीही आहे. जुझजानीमध्ये ज्याबद्दल बोलायची चोरी असा एक भयंकर संशय आहे. हेच धागे लोककथेने वेगळ्या वीणीत घेतलेले दिसतात. मरण कसे आले याचा निवाडा ती करीत बसत नाही. खापर एका मुक्या जनावरावर फोडून मोकळी होते. तिचे लक्ष वेगळ्याच ठिकाणी आहे. बलाढ्य माणसाला सत्य सांगायचे कुणी, हा तिचा विषय आहे.

* * *

वादकाने बातमी सांगणे ही तरी निव्वळ कविकल्पना आहे का? मला तसे वाटत नाही. 'गुप्त इतिहासा'त महत्त्वाचे निरोप वारंवार पद्यात येतात. लिहिता न येणाऱ्या सैन्यात दूताच्या तोंडी निरोप बिनचूक टिकायचा, तर तो छंदात बांधणे सोयीचे. तैमुरी काळातील, म्हणजे पंधराव्या शतकातील, एका फारसी वंशावळीत तर प्रत्यक्ष हाच प्रसंग येतो: एक 'थोर गायक' चंगीझखानाला तुर्की पद्यातून जोचीच्या मृत्यूची वार्ता देतो. म्हणजे ही कथा किमान ५०० वर्षे जुनी आहे. केतबुगा या नावाने मात्र गोंधळू नये. १२६० साली पॅलेस्टाइनमधील ऐन जालूतच्या लढाईत पडलेला मंगोल सेनापती याच नावाचा होता. कथेतला वादक तो नव्हे.

अशुभ वार्ता आडवळणाने सांगण्याची रीत मराठी माणसाला नवी नाही. १७६१ च्या पानिपतानंतर नानासाहेब पेशव्यांना सावकारी पत्रातून ती वार्ता कळली, हे आपण शाळेपासून ऐकत आलो. दोन मोत्ये, मोहरा आणि चिल्लर यांचा तो हिशेब वाचणाऱ्याला मोत्यांची नावे विचारावी लागली नाहीत. कोणी काही सांगितले नव्हते, आणि सारे काही सांगून झाले होते.

जोचीचे म्हणून मानले जाणारे थडगे आजही मध्य कझाकस्तानात उलितौ भागात, केंगिर नदीकाठी उभे आहे. भाजक्या विटांची घुमटी, भोवती नजर पोचेल तिथवर गवत. अल्केय मार्गुलान या कझाक पुराविदाने १९४६ साली तेथे उत्खनन केले. पंधराव्या शतकात ज्यांनी कझाक खानत स्थापिली ते केरेय आणि जानिबेक हे जोचीच्याच वंशातले. तेव्हा कझाकांसाठी ही परक्या जेत्याच्या मुलाची कथा नाही, ती घरातल्या मूळ पुरुषाची आहे. २०२४ साली त्या देशाने 'जोचीच्या उलुसा'ची, म्हणजे त्याच्या राज्याची, ८०० वर्षे साजरी केली.

* * *

आता विसाव्या शतकात येऊ. कारण या कथेवर चित्रपट निघाला तो याच शतकात, आणि तो का निघाला असावा हे कळायला त्याआधीची ४० वर्षे डोळ्यांखालून घालावी लागतात.

१९३० च्या सुमारास सोव्हिएत सरकारने कझाक भटक्या पशुपालकांना सक्तीने एका जागी बसविले आणि त्यांची जनावरे सामुदायिक शेतीसाठी ओढून नेली. ज्यांचे सारे अन्न कळपातून येत होते त्यांचे कळपच गेले. १९३१ ते १९३३ या काळात जो दुष्काळ पडला त्यात सुमारे १५ लाख माणसे मेली, आणि त्यांत सुमारे १३ लाख कझाक होते, असा इतिहासकारांचा अंदाज आहे. कझाक लोकसंख्येचा हा एक तृतीयांशाहून मोठा भाग.

ही बातमी सांगायची कुणी? १९३७ साली सोव्हिएत संघाची जनगणना झाली. माणसे मोजली गेली आणि जितकी असायला हवी होती तितकी भरेनात. स्टालिनने ती जनगणनाच रद्द ठरविली. ती घेणारे वरिष्ठ संख्याशास्त्रज्ञ पकडले गेले, काहींना गोळ्या घालण्यात आल्या. त्यांनी काही बंड केले नव्हते. फक्त आकडा सांगितला होता. उकळते शिसे म्हणतात ते याहून वेगळे काय असते?

याच काळातली दोन भावांची हकीकत सांगण्याजोगी आहे. थोरले कुदायबेर्गेन जुबानोव, कझाक भाषाशास्त्राचे एक आद्य अभ्यासक. कुय हा संगीतप्रकार कसा जन्मला यावर त्यांनी १९३६ साली लेख लिहिला. दुसऱ्याच वर्षी त्यांना अटक झाली आणि १९३८ साली मृत्युदंड. धाकटे अख्मेत जुबानोव, संगीतकार. त्यांनी १९३४ साली लोकवाद्यांचा वृंद उभा केला, जो आज कुरमांगाझी या थोर दोंब्रावादकाच्या नावाने ओळखला जातो. भाऊ 'जनतेचा शत्रू' ठरून मारला गेल्यावरही अख्मेत जुबानोव जुन्या वादकांकडून कुय ऐकत, टिपत, त्यांची चरित्रे लिहीत राहिले. भावाबद्दल त्यांना उघड बोलता येत नव्हते. भावाच्या आवडीचा विषय मात्र त्यांनी सोडला नाही.

आणखी एक गोष्ट वाचताना थबकलो. ज्या प्राण्याच्या नावाने हा कुय आहे तो कुलानसुद्धा १९३० च्या दशकातच कझाक भूमीवरून नाहीसा झाला. पुढे १९५३ साली तुर्कमेनिस्तानातून काही कुलान आणून अरल समुद्रातील बार्साकेल्मेस बेटावर सोडण्यात आले. म्हणजे १९६० च्या दशकात जी मुले 'अक्साक कुलान' ऐकत होती, त्यांच्या माळावर कुलान उरलाच नव्हता. तो फक्त दोन तारांवर धावत होता.

* * *

१९६७ साली अल्माटीच्या कझाकफिल्म या संस्थेने पहिला कझाक व्यंगपट काढला. दिग्दर्शक अमेन खायदारोव. कझाक व्यंगपटाचे जनक म्हणून त्यांना मानतात. विषय होता, पाकोळीची शेपटी दुभंगलेली का असते. क्रूर अजगर डासाला पाठवितो, की सर्वांत गोड रक्त कुणाचे ते शोधून ये. डास माणसाचे नाव घेऊन परत निघतो, तेव्हा पाकोळी वाटेत त्याची जीभच तोडते. अजगर चिडून तिच्या शेपटीवर झडप घालतो.

आणि पुढच्याच वर्षी, १९६८ साली, खायदारोव यांनी दुसरी कथा घेतली ती 'अक्साक कुलान'ची.

या दोन कथा शेजारी ठेवल्या की एक मौज दिसते. पहिल्या कथेत जे सांगू नये ते सांगणाऱ्याची जीभ तुटते. दुसरीत जे सांगितलेच पाहिजे ते जिभेवाचून सांगितले जाते. दोन्हींच्या शेवटी कुणाच्या तरी अंगावर एक खूण राहते: पाकोळीच्या शेपटीवर, दोंब्र्याच्या छातीवर. खायदारोव यांनी हे ठरवून केले, असा माझा दावा नाही. त्यांच्या लोकपरंपरेतच या दोन गोष्टी होत्या, त्यांनी उचलल्या. पण हजार गोष्टींतून माणूस दोन उचलतो, तेव्हा त्या का उचलल्या हे विचारण्याचा हक्क वाचकाला आहे.

मुलांचा चित्रपट म्हणून तो पाहणाऱ्या कित्येक घरांत १९३२ सालचा हिशेब मनात धरून बसलेली आजी असणार, असे मला वाटल्यावाचून राहत नाही. मोठ्या माणसांच्या चित्रपटात त्या मरणांचा उच्चार शक्य नव्हता. पण तेराव्या शतकातला खान, त्याची दवंडी आणि शिशाचे पातेले दाखवायला कुणाची हरकत असणार? ती तर 'सरंजामशाही जुलमाची' गोष्ट! दोंब्र्याने खानाला जसे सांगितले, तसेच लोककथेने प्रेक्षकाला सांगितले. ओठ न हलविता.

उघडपणे बोलायला पुढे आणखी २० वर्षे जावी लागली. आज ३१ मे हा दिवस कझाकस्तानात दुष्काळ आणि राजकीय दडपशाही यांच्या बळींच्या स्मरणासाठी पाळला जातो. आणि कुलानही परतले आहेत. २०१७ पासून त्यांना मध्य कझाकस्तानच्या माळरानात पुन्हा सोडण्याचे काम सुरू झाले.

* * *

मुख्याध्यापकाच्या खुर्चीत अनेक कामे करावी लागतात, त्यांतले सर्वांत अवघड काम कोणत्याही नियमपुस्तिकेत नाही. ते म्हणजे वर्गातून एखाद्या मुलाला बाहेर बोलावणे. काही वर्षांपूर्वी नववीतल्या एका मुलाचे वडील शेतात काम करतानाच गेले. निरोप शाळेत आला. मी वर्गाच्या दारात उभा राहिलो, त्याला बाहेर घेतले आणि म्हणालो, "घरी पाहुणे आलेत, चल, मी सोडतो." त्याच्या घरापर्यंत आम्ही हवापाण्याच्या गोष्टी बोललो. सत्य मीच सांगायला हवे होते, ते मी टाळले, ही खंत मनात राहिली.

दोंब्रा घेऊन आलेला हा विद्यार्थी म्हणजे तोच मुलगा. शिशाची गोष्ट सांगून झाल्यावर तो जरा वेळ गप्प बसला, आणि मग म्हणाला, "सर, त्या दिवशी तुम्ही काहीच बोलला नाहीत. पण माझे दप्तर तुम्ही स्वतः उचलले होते. मुख्याध्यापक कधी पोराचे दप्तर उचलतात का? मला दारातच कळले."

मला उत्तर सुचले नाही. त्याने दोंब्रा मांडीवर घेतला आणि तिकडे शिकलेला एक लहानसा कुय वाजविला. हात अजून कच्चा होता, एकदोन ठिकाणी अडखळला. तेवढ्यात शेजारची दोन पोरे दारात येऊन उभी राहिली. त्यांतल्या धाकट्याने पुढे होऊन त्या छिद्राला डोळा लावला आणि विचारले, "आत कोण आहे?"